तपकिरी अँकल बूट कोणत्या कपड्यांवर चांगले दिसतात?

जीन्स, ड्रेस, फॉर्मल पँट, सगळ्यांवर चालतात; बिघडतं ते पँट आणि बुटाच्या मधल्या जागेत. स्ट्रेट जीन्स बुटाच्या काठापासून २-३ सेंटीमीटर वर संपू द्या, लांब असेल तर आतल्या बाजूला एकच घडी घाला. कापड बुटावर गोळा झालं की पाय आखूड दिसतात. गडद निळी जीन्स सगळ्यात सोपी. ऑलिव्ह आणि क्रीमही खुलतात. काळ्या पँटवर फिकट टॅन (पिवळसर तपकिरी) तुटक वाटतो, तिथे गडद चॉकलेटीच घ्या. पोटरीपर्यंतच्या मिडी ड्रेसखाली घोट्याला घट्ट बसणारे बूट हवेत, कारण रुंद तोंडाच्या बुटांत पोटरी जाड भासते. स्वेडचे, म्हणजे मखमलीसारख्या चामड्याचे, असतील तर पावसात अजिबात घालू नका, डाग राहतात. बेल्ट साधारण त्याच छटेचा असला तरी पुरतो.