पर्यावरणाच्या वादात बातम्यांमुळे लोकांमधली चर्चा कशी बदलते?

बातमी कुणाची बाजू घेते यापेक्षा ती भांडण कोणात लावून देते, याचा परिणाम जास्त होतो. मुंबईतल्या आरेचंच घ्या, जिथं झाडं तोडून मेट्रोचं कारशेड (गाड्या उभ्या करायची आणि दुरुस्तीची जागा) बांधायचं होतं. ४ ऑक्टोबर २०१९ ला मुंबई उच्च न्यायालयानं या तोडीविरुद्धच्या याचिका फेटाळल्या आणि त्याच रात्री झाडं तोडायला सुरुवात झाली. ७ तारखेला सर्वोच्च न्यायालयानं तोड थांबवली, तोवर २,००० हून जास्त झाडं गेली होती. त्या दिवसांत चॅनेलांवर एकच सामना रंगला: झाडं की मेट्रो? मग घरोघरीही तेच. खरं तर बऱ्याच आंदोलकांना मेट्रो हवीच होती (लोकलला तेही लोंबकळतात!), वाद कारशेडच्या जागेचा होता. कांजूरमार्गचा पर्याय, मिठी नदीचं पाणलोट, पाड्यांवरचे आदिवासी हे मुद्दे मागेच राहिले. २०२० मध्ये कारशेड कांजूरला न्यायचं ठरलं, २०२२ मध्ये परत आरेत आलं, तेव्हा तर ती ठाकरे विरुद्ध फडणवीस अशी बातमी झाली. पण रात्रीच्या तोडीचे व्हिडिओ फिरले नसते, तर प्रकरण इतक्या झटपट दिल्लीला पोचलं असतं असं मला वाटत नाही.