सुट्टीत कल्चर कोण बघतं, हे आधी विचार

तुझा मेसेज दोनदा वाचला. पुण्यात झूलॉजीत एमएस्सी झालीस, चेक प्रजासत्ताकातल्या चेस्के बुद्येयोवित्सेहून ट्रिपॅनोसोमवर, म्हणजे रक्तात राहणाऱ्या एका एकपेशीय परजीवीवर, पीएचडी करायला बोलावणं आलंय, आणि आई विचारतेय, "एवढ्या लांब जाऊन अमिबाच बघायचा, तर तो आपल्या गच्चीवरच्या टाकीत नाही का?" 'ताई' म्हणालीस, म्हणून मीही 'तू'च म्हणते. मी मिरजेची. बुद्येयोवित्सेलाच पीएचडी केली, आता प्रागच्या कडेला वेस्तेत्सला पोस्टडॉक आहे.

तू आधी पैशांचं विचारलंस, मग जेवणाचं, आणि कामाचं सगळ्यात शेवटी, तेही एका ओळीत. मी कामापासूनच सुरू करते. इथे तुझे दिवस कसे जाणार हे पगारापेक्षा तुझ्या फ्लास्कमध्ये कोण पोहतंय यावर जास्त ठरणार आहे.

ट्रिपॅनोसोमा ब्रुसायची दोन रूपं लॅबमध्ये वाढवतात. आफ्रिकेतल्या त्सेत्से माशीच्या आतड्यातलं रूप 27 अंशांवर राहतं. ते तसं समंजस. दोन-तीन दिवसांनी थोडं कल्चर, म्हणजे वाढवलेल्या पेशींचा द्रव, नव्या मीडिअममध्ये, म्हणजे ताज्या पोषक द्रवात, घातलं की झालं. रक्तातलं रूप मात्र 37 अंशांवर, कार्बन डायऑक्साइडच्या इन्क्युबेटरमध्ये, आणि साधारण सहा तासांत दुप्पट. हिशोब करून बघ, एका पेशीच्या दोन दिवसांत 256 होतात. एका मिलिलिटरमध्ये वीसेक लाखांच्या घरात गेल्या की गर्दीनेच मरतात. हळूहळू वगैरे नाही. संध्याकाळी वळवळणाऱ्या, सकाळी सगळ्या निपचित.

माझ्या पहिल्या ख्रिसमसला मी मैत्रिणींबरोबर व्हिएन्नाला गेले. निघताना कल्चर पातळ करून ठेवलं होतं, पण शून्य मोजताना चुकले असावे, दहापट दाट राहिलं. परत आले तर सहा महिने खपून जनुक बदललेल्या माझ्या पेशींचं कल्चर संपलेलं. द्रव नायट्रोजनमध्ये गोठवलेल्या दोन कुप्या होत्या. एक उठलीच नाही, दुसरी उठायला दोन आठवडे लागले. त्या दोन आठवड्यांत मी घरी फोनवर "सगळं छान चाललंय" एवढंच सांगत होते.

म्हणून व्हिडिओ कॉलवर गाईडला हा प्रश्न नक्की विचार: शनिवार-रविवारी आणि सुट्ट्यांत कल्चर कोण बघतं? पाळ्या लावलेल्या असतील तर गट नीट चाललेला आहे. "ज्याचं त्याने" असं उत्तर आलं तर चार वर्षांतल्या दिवाळ्या विसर. आणि कुणा जुन्या तंत्रज्ञ बाईंचं नाव हसत हसत निघालं, तर डोळे मिटून ये. अशा बाई हाताशी असणं म्हणजे अर्धी पीएचडी.

रोजचं काम कसं दिसतं? सकाळी कोट चढवून पहिल्यांदा फ्लास्क सूक्ष्मदर्शकाखाली धरायचा. माझी आजी गोठ्यात पाऊल टाकताच म्हैस कशी उभी आहे त्यावरून तिची तब्येत सांगायची, तसंच हे. शेपूट कशी हलते, पेशी गोल व्हायला लागल्यात का, मध्येच बॅक्टेरियाची धूळ दिसतेय का. मग मोजणी, स्प्लिट करणं, मीडिअम बनवणं, डीएनए काढणं, आणि उरलेला वेळ कॉम्प्युटरसमोर. आजकाल निम्मं प्रोटिस्टॉलॉजी, म्हणजे एकपेशीय जीवांचा अभ्यास, लिनक्सच्या काळ्या खिडकीत घडतं. पायथॉन थोडं शिकून ये. चेकपेक्षा आधी तेच लागेल.

ट्रिपॅनोसोम तरी लाडावलेला प्राणी आहे, त्याचं मीडिअम दशकानुदशकं घासूनपुसून तयार झालंय. बाकी बहुतेक एकपेशीय जीव एकटे वाढतच नाहीत, त्यांना बॅक्टेरिया लागतात, आणि ते कोणते हे बहुतेकदा कुणालाच सांगता येत नाही. इथल्या चार्ल्स विद्यापीठातल्या व्लादिमीर हाम्पल यांच्या गटाने मोनोसर्कोमोनॉइडिस नावाचा जीव असाच बॅक्टेरियाच्या गर्दीत वाढवला. तो आला होता एका चिंचिलाच्या, म्हणजे मऊ केसांच्या एका कुरतडणाऱ्या प्राण्याच्या, आतड्यातून. त्याचा जीनोम वाचायचा तर आधी सोबतच्या बॅक्टेरियाचा डीएनए बाजूला काढायचा. तांदळातले खडे निवडण्यासारखं, फक्त खडे तांदळापेक्षा जास्त. 2016 मध्ये निबंध आला: या जीवात मायटोकाँड्रिया नाही, त्याचा मागमूसही नाही. केंद्रक असलेल्या पेशीत असं पहिल्यांदाच दिसलं. आपण बारावीला "पेशीचं ऊर्जाघर" म्हणून दोन मार्कांचं उत्तर लिहायचो, आणि हा त्याच्याशिवाय खुशाल पोहतोय. लोह-गंधकाचे गुच्छ जुळवायचं जे काम मायटोकाँड्रियात चालतं, त्यासाठी त्याने बॅक्टेरियाकडून आलेली दुसरीच यंत्रणा वापरात आणली आहे.

आता आईसाठी. "या संशोधनाचा आपल्याला काय उपयोग" असं विचारलं तर तिला चंद्रपूरची गोष्ट सांग. जनावरांना 'सर्रा' होतो हे गावाकडच्या कुणालाही माहीत असतं. त्याला कारण ट्रिपॅनोसोमा इव्हान्साय. ग्रिफिथ इव्हान्स या पशुवैद्याने तो 1880 साली डेरा इस्माइल खानकडच्या घोड्या-उंटांच्या रक्तात पाहिला. माणसाला तो होत नाही, कारण आपल्या रक्तातलं एपीओएल-1 नावाचं प्रथिन त्या पेशीला फोडून टाकतं. पण 2004 मध्ये चंद्रपूर जिल्ह्यातल्या एका शेतकऱ्याच्या रक्तात हाच जीव पोहताना सापडला. सुरामिन हे जुनं औषध मागवून त्याला बरं केलं, आणि मग तपासात निघालं की त्याच्या शरीरात ते प्रथिन तयारच होत नव्हतं. जनुकाच्या दोन्ही प्रती बिघडलेल्या.

याच्यापुढचा धागा बुद्येयोवित्सेला येतो. तू जिथे जाणार आहेस तिथल्याच यूलियस लुकेश यांच्या गटाने चिनी सहकाऱ्यांबरोबर 2008 मध्ये दाखवलं की इव्हान्साय म्हणजे मायटोकाँड्रियातला डीएनए थोडा किंवा पूर्ण गमावलेला ब्रुसायच. तो डीएनए गेल्यामुळे त्याला त्सेत्से माशीत वाढता येत नाही, मग कुठल्याही चावऱ्या माशीच्या सोंडेवर बसून तो आफ्रिकेबाहेर पसरला. मी हा निबंध पहिल्या वर्षी लॅबच्या बैठकीत मांडला तेव्हा नकाशावर चंद्रपूर दाखवलं. ते गाव मी स्वतः कधी पाहिलेलं नाही, पण त्या दिवशी उगाच माहेरचं वाटलं.

आणि हो, लॅबमधला ब्रुसाय माणसाला लागत नाही, त्याच प्रथिनामुळे. हे आईला पहिल्याच दिवशी सांग. माझ्या आईला मी उशिरा सांगितलं. तोवर केरळमधल्या 'मेंदू खाणाऱ्या अमिबा'च्या बातम्या आल्या, आणि ती रोज विचारायची, "तू त्यावरच काम करतेस ना?" त्या अमिबाचं चेकशीही जुनं नातं आहे. उत्तरेकडच्या ऊस्ती नाद लाबेम शहरात 1962 ते 1965 दरम्यान एकाच बंदिस्त पोहण्याच्या तलावातून 16 जणांना बाधा झाली, सगळे गेले. कारण नंतर, जपून ठेवलेल्या ऊतींमधून उलगडलं. ही गोष्ट मात्र आईला सांगू नकोस.

भाषेचं विचारलंस. लॅबमध्ये इंग्रजीवर निभतं. बाहेर, म्हणजे दवाखाना, पोस्ट, घरमालक, तिथे निभत नाही. आणि चेक न येणं शास्त्रज्ञांनाही महागात पडतं, त्याचा एक किस्सा इथे प्रत्येक नवख्याला ऐकवतात. 1887 साली प्रागच्या यारोस्लाव ह्लावा यांनी आवेवर, म्हणजे अमिबामुळे होणाऱ्या जुलाबांवर, चेकमध्ये लेख लिहिला. नाव होतं 'ओ ऊप्लावित्सि'. अर्थ साधा: 'आवेविषयी'. परदेशी परीक्षणात ते शीर्षकच लेखकाचं नाव समजलं गेलं, आणि पुढे पन्नास वर्षं 'डॉक्टर ओ. ऊप्लावित्सि' हे गृहस्थ संदर्भसूचींत मानाने वावरले. 1938 मध्ये क्लिफर्ड डोबेल यांनी त्यांचा रीतसर निकाल लावला. म्हणजे आपल्याकडे 'आवेविषयी' या शीर्षकावरून कुणी 'श्री. आ. वेविषयी' केले असते! तेव्हा निदान लिफ्टमध्ये "दोब्री देन", म्हणजे नमस्कार, म्हणण्यापुरतं तरी शीक. ते न म्हणणाऱ्याला इथे उद्धट समजतात.

कागदपत्रांवर फार लिहीत नाही, नियम बदलतात. पदवी आणि पोलीस दाखल्याची तयारी आजच सुरू कर. त्यावर अपोस्टिल, म्हणजे परदेशात चालणारा सरकारी शिक्का, लागतं, मग चेक भाषांतर, तेही गोल शिक्का असलेल्या शपथबद्ध भाषांतरकाराचं. अर्ज दिल्लीच्या दूतावासात स्वतः जाऊन द्यावा लागतो. राहण्याच्या जागेचा पुरावा मागतात, तो विद्यापीठाच्या वसतिगृहाकडून घे, सोपं पडतं. पोचल्यावर तीन कामाच्या दिवसांत हजेरी लावायची असते. जेट लॅगच्या नादात ते विसरू नकोस.

"गावच्या तळ्यातलं थोडं पाणी बाटलीत भरून आणू का" असं लिहिलंयस. मुळीच आणू नकोस! उत्साह कळतो, मलाही कृष्णेचं पाणी आणायचं होतं. पण 2002 च्या जैवविविधता कायद्याखाली भारतातलं जैविक साहित्य संशोधनासाठी बाहेर द्यायचं तर चेन्नईच्या राष्ट्रीय जैवविविधता प्राधिकरणाची परवानगी लागते, किंवा दोन्हीकडच्या संस्थांमधला सरकारमान्य प्रकल्प लागतो. इकडे युरोपातही जैविक साहित्याच्या वापराबद्दलच्या नागोया कराराचे नियम आहेत, आणि कागद नसलेल्या नमुन्यावरचं काम छापताना अडकतं. तळं तुझं असलं तरी त्यातला सिलिएट, म्हणजे तो केसाळ एकपेशीय जीव, तुझा नाही. बुद्येयोवित्सेला लॅबच्या आसपास डबकी भरपूर आहेत, आणि ट्रेनने थोड्या अंतरावर त्रेबोन्यचे जुने मत्स्यतलाव आहेत, हवं तेवढं पाणी गाळ.

पैसे. नुसत्या विद्यापीठाच्या शिष्यवृत्तीवर राहिलीस तर ओढाताण होईल. बहुतेक गट ग्रँटमधून अर्धवेळ नोकरीचा करार जोडून देतात. तो किती टक्क्यांचा आणि किती वर्षांचा, हे लेखी घे. इथली नेहमीची राष्ट्रीय ग्रँट तीन वर्षांची असते आणि पीएचडी चार वर्षांची. चौथ्या वर्षाचं काय, हे विचारायला लाजू नकोस, मी लाजले होते. करार असला की सरकारी आरोग्यविमाही आपोआप मिळतो, नाहीतर खाजगी विमा स्वतःच्या खिशातून.

पुढचं खरं सांगायचं तर, फक्त प्रोटिस्टवर जगणाऱ्या कायमच्या जागा जगभरातच थोड्या आहेत. माझ्याबरोबरच्यांपैकी काही जण औषध कंपन्यांच्या डेटात गेले, एक जण शाळेत शिकवतो आणि मजेत आहे. परत यायचं मनात असेल तर आत्तापासून धागे जोड. पुण्यात आघारकर संस्थेत डायटम या एकपेशीय शैवालांवर काम चालतं, गोव्यात दोना पावलाच्या समुद्रविज्ञान संस्थेत फोरामिनिफेरा या कवचवाल्या एकपेशीय जीवांवर वर्षानुवर्षं काम झालंय. तुझा जीव वेगळा असला तरी पेशी धरण्याची, वाढवण्याची आणि तिचा जीनोम वाचण्याची विद्या तीच असते. पीएचडीत एक तरी असं तंत्र शीक जे ट्रिपॅनोसोमशिवायही चालेल.

जेवणाची काळजी सोड. हॉटेलात शाकाहारी म्हणजे तळलेलं चीज आणि बटाटे, त्याचा महिन्याभरात कंटाळा येतो. पण घरी सगळं होतं. त्वारोह म्हणून जे मिळतं तो जवळजवळ आपला चक्काच, घट्ट डबा बघून घे, साखर-वेलची घोटली की श्रीखंड. क्रुपित्से म्हणजे रवा. मसूर डाळ साध्या दुकानात मिळते, कोथिंबीर आणि हिरव्या मिरच्या व्हिएतनामी लोकांच्या दुकानात. मैदा तीन प्रकारच्या जाडीचा असतो. पोळ्यांना त्यातला एकही चालत नाही, गव्हाचं सालासकट पीठ शोध. डिसेंबरात चार वाजताच अंधार पडतो, तेव्हा संध्याकाळी काहीतरी फोडणीला टाकायचं असतं हा मोठाच आधार वाटतो.

कुकर नक्की आण, तीन लिटरचा पुरे. आणि त्याच्या जादा रबरी रिंगा दोन-तीन टाक बॅगेत. मला इथे त्या मापाची रिंग कधी मिळालेली नाही.