ताश्कंदमधल्या सोव्हिएत खुणा आणि जुने मोहल्ले पायी कसे बघावेत?

तुम्ही विचारलंय की समरकंद-बुखाऱ्याला जाताना ताश्कंदमध्ये चार दिवस हाताशी आहेत, सोव्हिएत काळातलं शहर आणि जुने मोहल्ले चालत बघायचे आहेत, पण जो तो म्हणतो की तिथे बघण्यासारखं काही उरलेलं नाही. नोकरीनिमित्त मी काही वर्षं ताश्कंदला राहिलो आणि सुट्टीचे बहुतेक दिवस तिथल्या रस्त्यांवर घालवले, म्हणून जरा सविस्तर लिहितो.

तिथे बघण्यासारखं पुष्कळ आहे. फक्त क्रम नीट धरला पाहिजे. बहुतेक जण एक दिवस ‘सोव्हिएत’ आणि एक दिवस ‘जुनं शहर’ अशी वाटणी करतात. मला ती पटत नाही, कारण ही दोन शहरं एकमेकांत मिसळलेली आहेत आणि त्यांना जोडणारी गोष्ट म्हणजे १९६६ चा भूकंप. तो समजला की बाकीचं शहर आपोआप उलगडत जातं.

२६ एप्रिल १९६६ ला पहाटे ५ वाजून २३ मिनिटांनी धक्का बसला. तीव्रता जेमतेम ५.२ च्या आसपास, पण केंद्रबिंदू थेट शहराच्या मध्यभागाखाली आणि तोही अगदी उथळ. कच्च्या विटांची, मातीने लिंपलेली घरं हजारोंनी गेली. सुमारे ३ लाख लोक उघड्यावर आले. मग रशिया, युक्रेन, बेलारूस, जॉर्जिया अशा सगळ्या प्रजासत्ताकांतून मजूर, अभियंते, क्रेन असं सगळं येऊन थडकलं आणि काही वर्षांत नवं ताश्कंद उभं राहिलं. पण नुसत्या भेगा पडलेली, दुरुस्त करता आली असती अशी घरंही तेव्हा जमीनदोस्त झाली, कारण रुंद रस्त्यांचं आधुनिक शहर हवंच होतं आणि भूकंपाने त्याला वाट करून दिली. एका बाजूला बेघरांना खरोखर घरं मिळाली, दुसऱ्या बाजूला शेकडो वर्षांचे मोहल्ले पुसले गेले. दोन्ही गोष्टी मनात ठेवून चाला.

आपल्याला या तारखेशी जोडणारा एक धागाही आहे. त्याच वर्षी १० जानेवारीला ताश्कंद करार झाला आणि त्या रात्रीच लालबहादूर शास्त्री गेले. संरक्षणमंत्री म्हणून यशवंतराव चव्हाण त्या शिष्टमंडळात होते. म्हणजे यशवंतरावांनी जे ताश्कंद पाहिलं, ते पुढच्या साडेतीन महिन्यांत राहिलं नाही. शास्त्रीजींच्या नावाचा रस्ता आणि त्यांचा अर्धपुतळा शहरात आहे. मध्यवर्ती भागापासून जरा बाजूला आहे, पण तिथे जाऊन उभं राहावंसं मला नेहमी वाटे.

पहिल्या दिवशी अमीर तैमूर चौकातून निघा. जुने लोक त्याला अजून ‘स्क्वेर’ म्हणतात. या एका जागेवर कोणकोण उभं राहून गेलं बघा: आधी झारचा गव्हर्नर-जनरल कॉफमन, पुढे स्टालिन, मग १९६८ पासून कार्ल मार्क्सचं भलंमोठं शिर आणि १९९३ पासून घोड्यावर बसलेला तैमूर. राजवट बदलली की पुतळा बदलला. चौकातले जुने चिनार मात्र सगळ्या राजवटी पाहून टिकले होते, ते २००९ मध्ये तोडले. त्याबद्दल बोलताना ताश्कंदच्या म्हाताऱ्या माणसांचा आवाज आजही कापतो.

चौकाच्या कडेला हॉटेल उझ्बेकिस्तान आहे, १९७४ चं, १७ मजली, उघडून उभ्या ठेवलेल्या पुस्तकाच्या आकाराचं. लांबून बघून पुढे जाऊ नका. जवळ जा आणि दर्शनी भागावरची काँक्रीटची जाळी बघा. मध्य आशियातल्या लाकडी आणि विटांच्या जाळ्यांचा हा सोव्हिएत अवतार. उन्हाळ्यात पारा चाळिशी ओलांडतो, त्यामुळे ही जाळी शोभेपुरती नाही, ती सावली धरते. ही युक्ती एकदा लक्षात आली की शहरभर दिसू लागते. १९७० मध्ये लेनिन संग्रहालय म्हणून बांधलेल्या आजच्या इतिहास संग्रहालयावरही तीच.

तिथून चालत नवाई थिएटर गाठा. मॉस्कोत लेनिनची समाधी ज्याने बांधली त्या अलेक्सेई श्चुसेव्हचं हे काम. महायुद्ध संपल्यावर या बांधकामावर जपानी युद्धकैदी राबले, भिंतीवर त्यांच्या स्मरणार्थ फलक आहे, तो वाचा. १९६६ च्या धक्क्यात ही इमारत टिकली. जमलं तर एखाद्या ऑपेराचं तिकीट काढून आत जाच. आतल्या सहा दालनांत ताश्कंद, समरकंद, बुखारा, खिवा, फरगाना आणि तेर्मेझ या सहा प्रदेशांतल्या कारागिरांची गच कोरणी आहे, आणि श्चुसेव्हच्या भव्य खांबांपेक्षा मला तीच जास्त आवडते.

मग सायिलगोहच्या पादचारी रस्त्याने, रशियाच्या झारच्या रोमानोव्ह घराण्यातल्या हद्दपार राजपुत्राच्या १८९१ च्या महालावरून, मुस्ताकिल्लिक म्हणजे स्वातंत्र्य मैदानावर या. इथे लेनिनचा प्रचंड पुतळा होता. १९९२ मध्ये तो उतरवला आणि त्याच चौथऱ्यावर पृथ्वीचा गोल बसवला. त्यावर देश एकच कोरलेला आहे, उझ्बेकिस्तान. मैदान ओलांडलं की अंखोर कालवा लागतो. १८६५ मध्ये रशियन फौजांनी शहर घेतल्यावर कालव्याच्या एका अंगाला स्थानिकांचं जुनं शहर राहिलं आणि दुसऱ्या अंगाला रशियनांचं आखीव नवं शहर वसलं. आजही या काठाने चालताना सावली आणि गारवा मिळतो, म्हणून ही वाट दुपारसाठी राखून ठेवा.

याच भागात भूकंपाचं स्मारक आहे, १९७६ चं. काळ्या दगडाचा एक ठोकळा, त्याच्या एका बाजूवर ५ वाजून २३ मिनिटं दाखवणारं घड्याळ आणि दुसऱ्या बाजूवर तारीख. ठोकळा मधोमध दुभंगलेला आहे आणि भेग जमिनीवरून सरळ निघते ती मागे उभ्या असलेल्या पुरुष, स्त्री आणि मुलाच्या पायांपर्यंत जाते. त्या भेगेवरून चालत जा. शनिवार-रविवारी नवी लग्न झालेली जोडपी इथे फुलं वाहायला येतात.

मेट्रोला अर्धा दिवस द्या. हे ‘पायी’ मध्ये बसत नाही असं वाटेल, पण स्टेशनं बघायची ती चालतच. ६ नोव्हेंबर १९७७ ला सुरू झालेली ही मध्य आशियातली पहिली मेट्रो. २०१८ पर्यंत आत फोटो काढायला बंदी होती, आता मोकळीक आहे. कोस्मोनावत्लार स्टेशनवर निळ्या छटांच्या भिंतींवर गागारिन आणि तेरेश्कोवा या सोव्हिएत अंतराळवीरांबरोबर पंधराव्या शतकातला समरकंदचा खगोलज्ञ उलूग बेगही आहे. सोव्हिएत अंतराळयुगाने स्थानिक परंपरेला आपल्यात कसं ओवून घेतलं, ते या एका फलाटावर दिसतं. पाख्ताकोर स्टेशनच्या भिंतींवर कापसाच्या बोंडांचं मोझाइक आहे. कापसाची ही नक्षी मग तुम्हाला दिव्यांवर, कुंपणांवर, चहाच्या निळ्या किटल्यांवर, सगळीकडे भेटेल. त्यामागची किंमतही ठाऊक असू द्या: कापसासाठी नद्यांचं पाणी वळवलं आणि अरल समुद्र आटला, विद्यार्थ्यांना दर हंगामात वेचणीला जुंपलं. आमच्या विदर्भ-मराठवाड्याकडच्या माणसाला ते बोंड बघून नुसतं ‘छान’ म्हणवत नाही.

तिथून चिलानझार. पर्यटक इथे येत नाहीत, आणि माझा सगळ्यात जास्त आग्रह इथेच आहे. चार-पाच मजली पॅनेलच्या चाळवजा इमारती, नावं नाहीत, नुसते आकडे दिलेले भाग. रस्त्यावरून सगळं एकसारखं दिसतं. पण इमारतींच्या कडेच्या, बिनखिडक्यांच्या भिंतींकडे मान वर करून बघा. तिथे चारचार मजले उंच मोझाइक आहेत, सूर्य, डाळिंबं, पक्षी, नुसती भौमितिक नक्षीसुद्धा. शहरातली अशी कितीतरी कामं झार्स्की आडनावाच्या तीन भावांची. एकाच साच्यातल्या हजारो घरांना चेहरा द्यायचा, एवढ्यासाठी कुणीतरी इतका जीव ओतला. आता काहींवर एसीची यंत्रं ठोकली आहेत, काहींवर रंग फासला आहे.

मग इमारतींच्या मधल्या अंगणात शिरा. तळमजल्यावरच्या लोकांनी खिडकीखाली वाफे केलेले आहेत, लोखंडी मांडवावर द्राक्षाचा वेल चढलाय, त्याखाली लाकडी बाजेसारखा तापचान, त्यावर चहा आणि गप्पा. मोहल्ल्यातून उठवून आणलेल्या माणसांनी काँक्रीटमध्ये पुन्हा मोहल्ला थाटला. १९८५ मध्ये ‘झेमचुग’ नावाची १६ मजली इमारत बांधताना वास्तुरचनाकार ऑफेलिया आयदिनोवा यांनी हेच मनात धरलं आणि दर तीन मजल्यांमागे एक सामाईक अंगण दिलं. ती लोकांची राहती इमारत आहे, तेव्हा वर जायचं तर खाली बसलेल्यांना विचारून जा.

आता जुनं शहर. चोरसू स्टेशनला उतरलात की निळ्या-हिरव्या घुमटाचा बाजार समोर दिसतो. घुमट सोव्हिएत काळातला, पण बाजार त्या जागी शतकानुशतकं भरतोय. सकाळी लवकर जा, तंदूरमधून निघालेला गरम नान घ्या आणि तो खातखात कुकेलदाश मदरशाच्या बाजूने झारकायनार रस्त्याला लागा. अर्ध्यापाऊण तासात तुम्ही हझरती इमाम या मशिदी-मदरशांच्या संकुलापाशी पोचता. तिथे खलिफा उस्मान यांचं म्हणून मानलं जाणारं जुनं कुराण आहे. १८६९ मध्ये ते पीटर्सबर्गला नेलं, क्रांतीनंतर परत पाठवलं, आणि मशिदीकडे सुपूर्द झालं ते थेट १९८९ मध्ये. त्या एका ग्रंथाच्या प्रवासात सगळी सोव्हिएत राजवट येऊन जाते.

पण खरं चालायचं ते या दोन जागांच्या मधल्या गल्ल्यांत. मुख्य रस्ता सोडून उजवी-डावीकडे कुठेही वळा. दोन्ही बाजूंना मातीच्या भिंती, रस्त्याकडे खिडकी जवळजवळ नाहीच, फक्त कोरीव लाकडी दार. आपल्या वाड्यासारखं सगळं आयुष्य आतल्या चौकाभोवती. दार अर्धवट उघडं असलं तर डाळिंबाचं झाड आणि झाडलेलं अंगण दिसतं. भिंतीवरून पिवळ्या रंगाचा गॅसचा पाइप धावतो आणि प्रत्येक दारापाशी काटकोनात वर चढून, चौकट ओलांडून पुन्हा खाली उतरतो. दारं शंभर वर्षांची, पाइप सोव्हिएत पद्धतीचा. गल्ली एखाद्या भिंतीपाशी संपते तेव्हा मागे फिरा, घाबरायचं कारण नाही. वडीलधारं कुणी दिसलं तर उजवा हात छातीवर ठेवून ‘अस्सलामु अलेकुम’ म्हणा, उघड्या दारातून फोटो काढू नका. ‘हिंदिस्तोन?’ असा प्रश्न येईलच आणि पाठोपाठ राज कपूर. त्या पिढीला आपले सिनेमे मनापासून आवडत आणि ते प्रेम अजून आटलेलं नाही. चहाला बोलावलं तर बसा.

एप्रिल-मे किंवा सप्टेंबर-ऑक्टोबर निवडा. जुलैत दुपारी चालणं शक्य नाही. नकाशावर जवळ दिसणाऱ्या जागा प्रत्यक्षात लांब असतात, कारण भूकंपानंतरचे रस्ते फार रुंद आहेत आणि बऱ्याच ठिकाणी भुयारी मार्गानेच ओलांडावे लागतात. पलावचं जेवण दुपारीच उरका, उशीर केला तर कढई रिकामी.

आणि वेळ कमी पडलाच तर संग्रहालयं सोडा, पण चिलानझारच्या भिंती आणि हझरती इमामजवळच्या गल्ल्या सोडू नका. ‘ताश्कंद सिटी’च्या काचेच्या मनोऱ्यांसाठी शहराच्या ऐन मध्यभागातला एक जुना मोहल्ला पाडला गेला, १९८२ ची ‘दोम किनो’ ही सिनेमाची देखणी इमारतही गेली. संग्रहालय पुढच्या खेपेलाही तिथेच असेल, गल्लीचं तसं सांगता येत नाही. म्हणून वेळ कमी असेल तर वरचा क्रम उलटा करून पहिल्याच सकाळी चोरसूला उतरा, स्क्वेरची फेरी दुसऱ्या दिवशी केलीत तरी चालेल.