रूपक कुणी केलं, ते आधी पाहा

प्रश्न : बाई, आमच्या सोसायटीतल्या काही जणी दर एकादशीला एकत्र बसून सार्थ ज्ञानेश्वरी वाचतो. पहिला अध्याय चालू असताना माझ्या भाच्यानं मोबाईलवर एक मजकूर पाठवला. कुरुक्षेत्र म्हणजे आपलं शरीर, पाच पांडव म्हणजे पंचेंद्रियं, शंभर कौरव म्हणजे शंभर विकार, आंधळा धृतराष्ट्र म्हणजे मन आणि श्रीकृष्ण म्हणजे आत्मा, असं त्यात होतं. तो म्हणतो, "मावशी, तुम्ही नुसती गोष्ट वाचता. खरा अर्थ हा आहे." दोघी-तिघींना ते फार आवडलं. मला पटत नाही, पण का पटत नाही तेही सांगता येत नाही. — एक वाचिका, चिपळूण

उत्तर : भाच्याचं म्हणणं आजकालचं खूळ नाही, हे आधी सांगते. काश्मीरचे अभिनवगुप्त साधारण हजार वर्षांपूर्वी होऊन गेले. गीतेवरच्या त्यांच्या टीकेत पहिल्याच श्लोकापाशी नोंद आहे की काही जण कुरुक्षेत्राचा अर्थ इंद्रियांचं क्षेत्र, म्हणजे शरीर असा लावतात. गांधीजींनाही गीतेतलं युद्ध माणसाच्या हृदयात अखंड चालणारं द्वंद्व वाटे. तेव्हा वाट जुनी आहे आणि थोर माणसं तिच्यावरून चाललेली आहेत. भाच्याला झिडकारू नका.

पण तुम्ही ज्ञानेश्वरी वाचताय, तर ज्ञानदेव इथे काय करतात ते पाहा. रूपक हा त्यांच्या हातचा मळ. ग्रंथ उघडतो तोच शब्दब्रह्माच्या गणेशमूर्तीनं : अकार चरण, उकार विशाल उदर, मकार मस्तक; अठरा पुराणं हे अंगावरचे दागिने, काव्यनाटकं या रुणझुणणाऱ्या घागऱ्या. आणि हाच कवी थोड्याच ओव्यांनंतर कुरुक्षेत्रापाशी येतो तेव्हा लिहितो :

*तरी पुत्रस्नेहें मोहितु। धृतराष्ट्र असे पुसतु।*
*म्हणे संजया सांगे मातु। कुरुक्षेत्रींची॥*
*जें धर्मालय म्हणिजे। तेथ पांडव आणि माझे।*
*गेले असती व्याजें। झुंजाचेनि॥*

मुलाच्या मायेनं व्याकूळ झालेला बाप रणांगणावरची खबर विचारतोय. शरीर नाही, इंद्रियं नाहीत. रूपकाला याहून सोयीची जागा ती कुठली? तरी ज्ञानदेव सरळ पुढे जातात. शंख वाजतात, रथ दोन्ही सैन्यांच्या मधोमध उभा राहतो, अर्जुन समोर पाहतो आणि आजोबा, गुरू, मामा, भाऊ, पुतणे दिसताच त्याचं अवसान गळतं. तिथे मात्र ज्ञानदेव थांबतात. ही ओवी तुम्ही नुकतीच वाचली असणार :

*जैसा भ्रमर भेदी कोडें। भलतैसें काष्ठ कोरडें।*
*परि कळिकेमाजी सांपडे। कोंवळिये॥*

कसलंही वाळलेलं लाकूड पोखरून आरपार जाणारा भुंगा कमळाच्या कोवळ्या कळीत अडकतो. पुढच्या ओवीत म्हटलंय, तो तिथे प्राण सोडील, पण पाकळी चिरणं त्याला ठाऊक नाही. स्नेह कोवळा, म्हणूनच कठीण. आता भाच्याचा अर्थ या ओवीपाशी धरून पाहा. समोर विकार उभे असतील तर अर्जुनाचे हातपाय कशाला थरथरतील? लोभाला मारायचं म्हणून कुणाला रडू कोसळलंय? भीष्म हा भीष्म असतो, मांडीवर खेळवलेला आजोबा असतो, तेव्हाच पहिल्या अध्यायाला अर्थ आहे आणि पुढचे सतरा अध्याय सांगायची गरज आहे. भाच्याचा अर्थ लावला की अर्जुनाचा प्रश्नच नाहीसा होतो. माझी खरी हरकत इथे आहे. ग्रंथातली अवघड जागा टाळण्यासाठी केलेलं रूपक मी मानत नाही. विनोबा तर गांधीजींच्या जवळचे, पण १९३२ साली धुळ्याच्या तुरुंगात पहिल्या अध्यायावर बोलताना त्यांनी दाखला दिला तो न्यायाधीशाचा : शेकडो जणांना फाशी दिलेली, आणि स्वतःचा मुलगा खुनी म्हणून समोर आल्यावर फाशीची शिक्षाच कशी अमानुष आहे, असं तो बोलू लागतो. अर्जुन तिथेही नातेवाइकांत सापडलेला माणूसच आहे.

दुसरं असं, की गीतेला जिथे रूपक करायचंय तिथे ती स्वतःच तसं सांगते. पंधराव्या अध्यायात वर मूळ आणि खाली फांद्या असलेला अश्वत्थ येतो, आणि वेद ही त्याची पानं, असा उलगडाही त्याच श्लोकात आहे. 'हे शरीर म्हणजे क्षेत्र' हे वाक्य तेराव्या अध्यायात आहे, तिथे ती व्याख्याच चालू आहे. भाचा त्याचा आधार दाखवील. तर तिथलं वाक्य उचलून पहिल्या अध्यायावर ठेवायला आधार कोणता, हे त्याला विचारा. कठोपनिषदात आत्मा रथी, शरीर रथ, बुद्धी सारथी, मन लगाम, इंद्रियं घोडे, अशी एकेका अवयवाची ओळख करून दिलेली आहे. तिथे इंद्रियं म्हणजे लगाम घालायचे घोडे. भाच्याच्या मजकुरात तीच इंद्रियं पांडव होऊन रथात बसली! विकारांचंही तसंच. सोळाव्या अध्यायात दंभ, दर्प, अभिमान, क्रोध, कठोरपणा, अज्ञान अशी नावं घेऊन आसुरी संपत्ती सांगितली आहे, पुढे काम, क्रोध, लोभ ही नरकाची तीन दारं म्हटली आहेत. गीता आपल्याला कोडी घालत नाही.

मिरजेच्या आमच्या गुरुवारच्या वर्गात हाच विषय निघाला होता. एसटीत नोकरी केलेले एक गृहस्थ मागच्या रांगेत बसतात, फारसं बोलत नाहीत. त्यांनी विचारलं, "बाई, मग विकर्ण कुठला विकार?" शंभरांतलाच तो एक. गीतेच्या पहिल्या अध्यायात दुर्योधन आपले वीर मोजतो त्यात त्याचं नाव आहे. आणि भर द्यूतसभेत द्रौपदीच्या बाजूनं उठून बोलला तोही हाच. पुढे कौरवांकडूनच लढला आणि भीमाच्या हातून मेला. व्यासांनी माणसं अशी घडवली आहेत की ती कुठल्याही एका खणात बसत नाहीत. विकर्णाला विकार म्हणायचं तर सभापर्वाचं ते पान फाडून टाकावं लागेल.

भाच्याला हवं तर मनन म्हणून हे खुशाल करू दे. 'माझ्यातला दुर्योधन कोणता' असं स्वतःला विचारणं चांगलंच आहे. फक्त 'व्यासांना हेच म्हणायचं होतं' असं म्हणू नये. एकनाथांच्या भारुडात विंचू चावतो, तेव्हा पहिल्याच ओळीत ते 'काम क्रोध विंचू चावला' असं सांगून मोकळे होतात. रूपक आपलं असेल तर त्यावर आपलं नाव घालायचं, हा नाथांचा रिवाज आहे. त्याच नाथांनी शके १५०६ मध्ये, म्हणजे १५८४ साली, ज्ञानेश्वरीची प्रत शुद्ध केली आणि बजावलं की हिच्यात जो आपली ओवी घालील त्यानं अमृताच्या ताटात नरोटी, म्हणजे नारळाची करवंटी, ठेवली असं समजा. ओवी घालण्याबद्दलचं हे बोलणं मी अर्थ घालण्यालाही लागू करते.

प्रश्न : आमच्या वाचनगटात एक बौद्ध मैत्रीण हौसेनं येऊ लागली. गणेशाच्या रूपकातली 'एके हातीं दंतु। जो स्वभावता खंडितु। तो बौद्धमतसंकेतु। वार्तिकांचा॥' ही ओवी आली आणि ती गप्प झाली. नंतर म्हणाली, "मोडलेला दात म्हणजे आम्ही का?" गटातल्या एकानं सांगितलं की दात म्हणजे अहंकार, मनाला लावून घेऊ नका. मी काय सांगायला हवं होतं? — एक वाचक, नागपूर

उत्तर : अहंकार ओवीत कुठेच नाही. ओवीत बौद्धमत आहे, नाव घेऊन आहे. ते झाकण्यासाठी तिथे दुसरं प्रतीक आणून बसवणं हा तुमच्या मैत्रिणीचाही अपमान आणि ज्ञानदेवांचाही. वाईट वाटावं असं तिथे आहे, म्हणून तिला वाईट वाटलं. हे आधी तुम्ही मान्य करा.

मग ओवीचा संदर्भ सांगा. या गणेशाला सहा हात आहेत, आणि ज्ञानदेव म्हणतात की सहा दर्शनं हेच ते हात. तर्क हा परशू, नीतिभेद हा अंकुश, वेदांत हा मोदक. चौथ्या हातात गणपतीचा स्वतःचाच मोडका दात, उरलेल्या दोहोंत एक वर देणारा कमलहस्त आणि एक अभय देणारा. 'वार्तिकांचा' हा शब्द कुमारिल भट्टांसारख्या वार्तिककारांकडे, म्हणजे भाष्यांवर विवरण लिहिणाऱ्यांकडे, बोट दाखवतो, असं बहुतेक सार्थ प्रतींत सांगितलेलं असतं. कुमारिलांनी श्लोकवार्तिकात बौद्ध मताचं खंडन केलं, ते खंडित मत म्हणजे हा खंडित दात. ज्ञानदेव वैदिक परंपरेत उभे आहेत आणि शेकडो वर्षं चाललेल्या वादात त्यांनी आपली बाजू निवडलेली आहे. ज्ञानेश्वरी मला प्राणापलीकडे प्रिय आहे, तरी या ओवीचा अर्थ मी वर्गात असाच सांगते. रूपक करणाराही एका काळात, एका पक्षात बसलेला असतो, हे या एका ओवीइतकं स्पष्ट दुसरीकडे क्वचित दिसतं.

आणि मैत्रिणीला सांगा, तुझ्या परंपरेतलं आम्हाला वाचून दाखव. अंगुत्तर निकाय या पाली बौद्ध ग्रंथात बुद्धांचं एक वचन आहे. काही सुत्तांचा अर्थ उलगडावा लागतो, ती नेय्यत्थ. काहींचा अर्थ उघडच असतो, ती नीतत्थ. जो उलगडायचं ते उघड म्हणून सांगतो आणि जो उघड असलेलं उलगडत बसतो, ते दोघेही तथागतांवर खोटा आरोप करतात. प्रतीकं शोधणाऱ्या प्रत्येक वाचकानं हे वचन वहीच्या पहिल्या पानावर लिहून ठेवावं. वर चिपळूणच्या ताईंना मी जे एवढं लांबवून लिहिलं, ते बुद्धांनी दोन वाक्यांत सांगून टाकलंय. पुढच्या बैठकीत पहिला अर्धा तास तिला द्या. धम्माला तराफ्याची उपमा देणारं सुत्तही ती आणील. चुकीच्या जागी धरलेला साप धरणाऱ्यालाच डसतो, ही चुकीच्या पद्धतीनं शिकणाऱ्यांबद्दलची उपमा त्याच सुत्तात आहे.

प्रश्न : मला संस्कृत येत नाही. टीका आधी वाचावी की मूळ? आणि टीका एक धरावी की अनेक? नोकरीमुळे वेळ कमी मिळतो. — एक वाचक, ठाणे

उत्तर : पंधरावा अध्याय घ्या. श्लोक वीसच आहेत. कळो न कळो, मूळ मोठ्यानं म्हणा, मग साध्या मराठी अर्थानिशी वाचा. त्यावर ज्ञानेश्वरीत सुमारे सहाशे ओव्या आहेत. त्या सगळ्या लगेच नकोत, पहिल्या तीन श्लोकांवरच्या पुरेत. सोबत १९१५ साली निघालेलं टिळकांचं गीतारहस्य ठेवा आणि त्याच श्लोकांवरच्या त्यांच्या टीपा पाहा. शांकरभाष्याचं, म्हणजे शंकराचार्यांच्या गीतेवरच्या टीकेचं, मराठी भाषांतर मिळालं तर फारच उत्तम.

टीका किमान दोन हव्यात. एकच असली की टीकाकाराचं मत आपल्याला ग्रंथाचं वाटायला लागतं. खुद्द ज्ञानदेव शेवटी म्हणतात, 'तैसा व्यासाचा मागोवा घेतु। भाष्यकारातें वाट पुसतु' मी निघालो. पाऊल व्यासांचं शोधायचं, वाट भाष्यकारांना विचारायची, हा क्रम त्यांनी कधी उलटा होऊ दिला नाही.

वाचताना एक प्रश्न वहीत लिहून ठेवा. या झाडाचं मूळ वर आहे, आणि ते वर म्हणजे ब्रह्म, असं सगळे सांगतात. तिसऱ्या श्लोकात हे झाड असंगाच्या, म्हणजे अनासक्तीच्या, शस्त्रानं तोडायला सांगितलंय. ब्रह्मात रुजलेलं झाड तोडायचं म्हणजे नेमकं काय तोडायचं? शंकराचार्य 'असंग' या शब्दाचा अर्थ पुत्र, वित्त आणि लोक यांच्या इच्छेतून उठून जाणं असा करतात, त्यांचा कल संन्यासाकडे. टिळक सबंध गीतेत कर्म न सोडता आसक्ती सोडायला सांगतात. ज्ञानदेव तिसरंच काही म्हणतात : गंधर्वनगरीचा किल्ला पाडावा लागतो का, सशाचं शिंग मोडावं लागतं का? झाड मुळात खरं नाही, ते तसं नाही हे कळणं हेच त्याचं तुटणं. तिघांपुढे झाड एकच, श्लोकही तेच.

कुणाचं बरोबर हे लगेच ठरवू नका. ग्रंथाचं तात्पर्य काढायच्या मीमांसकांच्या, म्हणजे वेदवाक्यांचा अर्थ लावणाऱ्या पंडितांच्या, कसोट्या टिळकांनी गीतारहस्याच्या पहिल्याच प्रकरणात दिल्या आहेत. आरंभ आणि शेवट काय आहे, पुन्हा पुन्हा काय सांगितलंय, नवीन काय आहे, फळ कोणतं सांगितलंय, स्तुतीपर भाग कोणता आणि युक्तिवाद कुठला. त्या कसोट्या आधी गीतारहस्यालाच लावून बघा, टिळकांनाही ते चाललं असतं. ज्ञानेश्वरीच्या प्रतींत ओव्यांचे क्रमांक पुढेमागे होतात, म्हणून वहीत क्रमांकाबरोबर ओवीचा पहिला चरण लिहीत चला. तीन श्लोक झाल्यावर काय दिसलं ते कळवा, तुमचं पत्र या पानावर छापीन.