खायपेन तळताना घाई नको, पण हात चपळ हवा

लाओसमधल्या लुआंग प्राबांगकडचं खायपेन म्हणजे नदीतल्या शेवाळाचा वाळवलेला पातळ पापडच. वर तीळ, लसूण आणि टोमॅटोच्या चकत्या. पहिल्यांदा करताय तर तयार ताव आणा. शेवाळ धुऊन वाळू काढणं हेच मोठं काम, आणि कुठल्याही ओढ्यातलं शेवाळ खाण्याजोगं नसतं.

ताव कात्रीने दोन-तीन इंचांचे कापा. हाताने मोडलेत तर तीळ झडतात. तेल मध्यम तापवा, धूर येऊ देऊ नका. एका वेळी दोनच तुकडे, तिळाची बाजू वर, पाच-सहा सेकंद, की लगेच बाहेर. रंग बदलायची वाट बघाल तर कडू होणार. शेवाळ करपलं की वाचवता येत नाही. ताव सादळलेला असेल तर चिवट होतो, म्हणून आधी तासभर उन्हात ठेवा. तळल्यावर मीठ घालू नका, तावात असतंच.

सोबतच्या जेओ बाँग या मिरचीच्या चटणीसाठी 12-15 सुक्या मिरच्या मंद आचेवर भाजा. काळ्या पडल्या तर चटणी कडवट लागते. एक गड्डी लसूण आणि सात-आठ छोटे कांदे सालासकट मऊ होईतो भाजून सोला. इंचभर कुलंजनासह (आल्यासारखा कंद, गलांगल) सगळं खलबत्त्यात कुटा (मिक्सरमध्ये पाणी घालावं लागतं, मग टिकत नाही). चमचाभर साखर आणि दोन चमचे फिश सॉस घालून घट्ट होईतो परता. मूळ पद्धतीत म्हशीच्या कातड्याचे शिजवलेले चिवट तुकडेही असतात. नसले तरी चालतं.