जन्मदाखल्यावरील तारीख चुकली असेल तर

प्रश्न : माझ्या मुलीचा जन्म २००७ मध्ये तालुक्याच्या गावी एका खासगी प्रसूतिगृहात झाला. प्रसूतिगृहाच्या कार्डावर, शाळेच्या दाखल्यावर आणि दहावीच्या प्रमाणपत्रावर ८ ऑगस्ट ही तारीख आहे. नगरपरिषदेच्या जन्मदाखल्यावर मात्र ३ ऑगस्ट आहे. तिला शिक्षणासाठी परदेशी जायचे आहे. राजपत्रात तारीख बदलून घ्या, असे एकाने सुचवले. दुसऱ्याने तहसीलमधून नव्याने जन्मनोंद करण्याचा मार्ग सांगितला. योग्य मार्ग कोणता? (एक वाचक, सातारा जिल्हा)

उत्तर : आपल्याला सुचवलेले दोन्ही मार्ग आपण टाळावेत. राजपत्रात आपले निवेदन प्रसिद्ध होते, परंतु त्यामुळे नगरपरिषदेच्या जन्म नोंदवहीतील मूळ नोंद बदलत नाही आणि पुढचा प्रत्येक दाखला त्याच नोंदीवरून निघतो. दुसरा मार्ग तर धोक्याचा आहे. एक वर्षाहून अधिक उशिराने, दंडाधिकाऱ्यांच्या आदेशाने होणारी नोंद ही ज्या जन्माची नोंद झालेलीच नाही, त्याच्यासाठी असते. पहिली नोंद लपवून दुसरी करून घेणे म्हणजे खोटी माहिती देणे होय आणि त्याचे परिणाम मुलीलाच भोगावे लागतील.

योग्य मार्ग जन्म-मृत्यू नोंदणी अधिनियम, १९६९ च्या कलम १५ मध्ये आहे. नोंद चुकीची असल्याचे सिद्ध झाल्यास निबंधक ती दुरुस्त करू शकतात. मात्र मूळ नोंदीला हात न लावता समासात दुरुस्ती लिहून त्यांनी तेथे सही आणि तारीख घालायची असते. खाडाखोड केलेली नोंद म्हणूनच कायदेशीर दुरुस्ती ठरत नाही. जेथे जन्माची नोंद झाली, तेथील निबंधकांकडेच अर्ज करावा लागतो, मग आपण आज कोठेही राहत असा.

अर्जापूर्वी एक गोष्ट आवर्जून करावी. प्रसूतिगृहाने त्या वेळी नगरपरिषदेला पाठवलेला जन्म अहवाल, म्हणजे नमुना १, आणि नोंदवहीतील नोंद या दोन्ही ताडून पाहण्याची लेखी विनंती करावी. अहवालात ८ आणि नोंदवहीत ३ असेल, तर ती उघडपणे लिहिताना झालेली चूक आहे; इंग्रजी 3 आणि 8 घाईत लिहिले की सहज गफलत होते. अशी चूक निबंधक स्वतः चौकशी करून दुरुस्त करतात. अहवालातच ३ असेल, तर चूक तपशिलाची ठरते आणि वस्तुस्थितीची माहिती असलेल्या दोन विश्वासार्ह व्यक्तींचे घोषणापत्र द्यावे लागते. त्यासोबत प्रसूतिगृहाच्या नोंदवहीचा प्रमाणित उतारा जोडावा, कारण जन्माच्या वेळीच तयार झालेल्या कागदाचे वजन पुढे शाळेत सांगितलेल्या तारखेपेक्षा कितीतरी अधिक असते. दाखल्यावरील नोंदणीची तारीखही पाहावी. ती ८ ऑगस्टच्या आधीची असेल, तर आपला दावा टिकणार नाही.

तसे निघाले, तर जन्मनोंद बरोबर आणि शाळेची तारीख चुकीची, हे मान्य करून शाळेमार्फत दुरुस्तीचा प्रस्ताव द्यावा. शाळा सोडल्यानंतरही उघड चूक दुरुस्त होऊ शकते, असे मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने २०१९ मध्ये स्पष्ट केले आहे. जी तारीख खरी, तिच्याशी बाकीचे कागद जुळवावेत. सोयीची तारीख निवडू नये, ही माझी कळकळीची विनंती आहे.

१ ऑक्टोबर २०२३ पूर्वी जन्मलेल्यांना पासपोर्टसाठी दहावीचे प्रमाणपत्रही चालते, त्यामुळे पासपोर्ट कदाचित मिळूनही जाईल. परंतु परदेशात पुढे कधी जन्मदाखला मागितला गेला की दोन तारखांचा प्रश्न पुन्हा उभा राहील, म्हणून दुरुस्ती आताच करावी.

अर्जाची पोच अवश्य घ्यावी आणि नकार मिळाल्यास तो लेखी मागावा. २०२३ च्या दुरुस्तीने आलेल्या कलम २५अ नुसार निबंधकांच्या आदेशाविरुद्ध ३० दिवसांत जिल्हा निबंधकांकडे अपील करता येते आणि त्यावर ९० दिवसांत निर्णय होणे अपेक्षित आहे. तेथेही दाद न मिळाल्यास वकिलांच्या सल्ल्याने न्यायालयात जावे लागेल आणि तेथेही आपला मुख्य पुरावा प्रसूतिगृहाचा तो उताराच असेल. तो आजच मिळवून ठेवावा.