संत्र्याच्या सालीची नानकटाई

प्रिय ओवी,

तू विचारलंस, आजोबांना साखर वर्ज्य आहे हे ठाऊक असूनही चारच्या चहाला पाहुणे आले की आजी त्यांच्याही बशीत संत्रा बर्फी का ठेवते? आणि साखरेशिवाय तसं काही घरच्या ओटीजीत, म्हणजे विजेच्या छोट्या ओव्हनमध्ये, भाजता येईल का?

चारचौघांत एकाच्याच बशीत वेगळं वाढणं म्हणजे पंक्तिप्रपंच, आणि तो आजीच्या हातून व्हायचा नाही. म्हणून आजोबांसाठी वेगळा ‘पथ्याचा’ डबा करू नकोस. सगळ्यांच्या बशीत शोभेल असं एकच कर.

बर्फीतून साखर काढायच्या फंदात पडू नकोस. तिची वडी साखरेवरच धरते, आणि खव्यात दुधाची साखर असतेच. गूळही नको, तीसुद्धा साखरच. नानकटाई मात्र जमते: घाट आपला, पीठ बदामाचं.

18 नगांसाठी बदामाचं पीठ 200 ग्रॅम, थिजलेलं तूप 60 ग्रॅम, एरिथ्रिटॉल (साखरेऐवजी वापरायची गोड पूड) 60 ग्रॅम, दोन संत्र्यांची साल, अर्धा चमचा वेलचीपूड, पाव चमचा मीठ. अंडं नाही, त्यामुळे आजीच्या गुरुवारालाही चालेल. मैद्याच्या नानकटाईला पिठाच्या निम्मं तूप लागतं. इथे तेवढं घालशील तर ट्रेभर तळं होईल, कारण बदामात निम्मं तेलच असतं.

पीठ घरी करायचं तर इतवारी बाजारातून आणलेले बदाम गरम पाण्यात पाच मिनिटं ठेवून सोल आणि खडखडीत वाळव. मग मिक्सरमध्ये तीन-तीन सेकंद थांबत फिरव आणि चाळ. सलग फिरवलंस की तेल सुटून लोणी होतं, ते परत पीठ होत नाही.

खरी गंमत सालीत. नागपुरी संत्र्याची साल सैल असते, सोलल्यावर ती किसणीवर धरतच नाही. अख्खं संत्रं धुऊन अर्धा तास फ्रीजमध्ये ठेव, म्हणजे घट्ट राहील. मग हलक्या हाताने फक्त नारिंगी थर किस. पांढरं दिसलं की थांब, तिथून कडूपणा सुरू होतो. रस अजिबात घालू नकोस, त्यात साखर आहे आणि पाणीही. मृग बहाराची संत्री एप्रिलपर्यंत संपतात, तेव्हा किसलेली साल डबीत भरून फ्रीजरमध्ये टाकून ठेव.

एरिथ्रिटॉल आधी मिक्सरमध्ये पिठीसाखरेसारखं बारीक कर, नाहीतर गार झाल्यावर दाताखाली कचकच येते. त्यात किसलेली साल बोटांनी चोळ. मिनिटभरात पूड ओलसर, पिवळसर होईल आणि हाताला वास राहील. हे साखरेपेक्षा थोडं कमी गोड असतं आणि जिभेला गारवा देतं. वेलची आणि मीठ त्यासाठीच आहेत, गाळू नकोस.

तूप या पुडीत फेट, मग पीठ आणि वेलची-मीठ घालून गोळा कर. फार मळू नकोस. मे महिन्यात नागपुरात तूप थिजतच नाही, तेव्हा तूप आधी फ्रीजमध्ये ठेव आणि गोळाही वीस मिनिटं गार कर. मग 18-18 ग्रॅमचे गोळे करून अंगठ्याने किंचित दाब. आधी तापवलेल्या ओटीजीत मधल्या खणात 150 अंशांवर 16 ते 18 मिनिटं ठेव. बदाम मैद्यापेक्षा लवकर करपतो, म्हणून 180 वर जाऊ नकोस. कडा सोनेरी झाल्या की बाहेर काढ. तेव्हा नानकटाया बोट रुतेल इतक्या मऊ असतात, म्हणून परत आत घालायचा मोह होईल, तो आवर. उचलल्या तर भुगा होईल. ट्रेमध्येच अर्धा तास राहू दे, गार झाल्या की खुसखुशीत होतात.

एका नानकटाईत पचणारी कर्बोदकं साधारण एक ग्रॅम. तरी आजोबांना दोनच दे, एरिथ्रिटॉल फार झालं की पोट गुडगुडतं. पाहुण्यांना बदाम आहेत एवढं सांग, बाकी काही बोलायची गरज नाही.

आणि आजोबांच्या चहाकडे लक्ष ठेव. आजी नजर चुकवून त्यात दोन चमचे साखर घालते, म्हणजे आठ-नऊ नानकटायांएवढी कर्बोदकं एका कपात.

तुझी आई